मास्तर, एक विचारू? : या वेळची सगळी पत्रं पेगी लीची

मागच्या अंकात एका वाचकाला रात्री ऐकायला चार गाणी सुचवताना मी पेगी ली या गायिकेचं नाव घेतलं आणि पुढच्या प्रश्नाकडे वळलो. तेवढ्या एका नावावर एवढी पत्रं येतील असं वाटलं नव्हतं. कुणाला ती इंग्लंडची वाटली, कुणाला ब्रूस लीची नातेवाईक. एका आजींनी विचारलंय, "ही कार्टूनमधल्या मांजरींची बाई का हो?" आजींचं बरोबर आहे. तेव्हा या महिन्यात बाकीचे प्रश्न सायडिंगला उभे केलेत.

मास्तर, ही बाई कुठली कोण? आणि तिच्याबद्दल तुम्हाला एवढा जिव्हाळा का? — एक वाचक, बार्शी

जिव्हाळ्याचं कारण बार्शीकराला लगेच पटेल. तिचा बाप माझ्यासारखाच स्टेशन मास्तर होता.

खरं नाव नॉर्मा डेलोरिस एगस्ट्रॉम. जन्म २६ मे १९२०, अमेरिकेच्या उत्तर डकोटा राज्यातल्या जेम्सटाउनचा. वडील मार्विन एगस्ट्रॉम 'मिडलँड कॉन्टिनेन्टल' नावाच्या रेल्वेत होते. नाव ऐकून छाती दडपते, नाही? कॅनडापासून थेट मेक्सिकोच्या आखातापर्यंत रूळ टाकायचा बेत होता. प्रत्यक्षात पडले शंभर-सव्वाशे किलोमीटर, तेही गव्हाच्या शेतांतून. आपली बार्शी लाईट ही छोटी रेल्वे निदान मिरजेहून लातूरपर्यंत तरी पोचायची. अशा लाईनवरच्या मास्तरानं तिकीट फाडायचं, पार्सल लिहायचं, तार पाठवायची आणि राहायचं स्टेशनच्याच वरच्या मजल्यावर.

पोरगी चार वर्षांची असताना आई गेली. सावत्र आई मारकुटी होती, हे तिनं पुढे स्वतःच जगाला सांगितलं. बाप मायाळू, पण दारूच्या आहारी गेलेला. शाळकरी वयात तिनं स्टेशनातल्या कामालाही हात लावला. हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला एक रात्र आठवली. नोकरीच्या सुरुवातीला मी एका लहान स्टेशनवर बदलीवर गेलो होतो, नाव लिहीत नाही. तिथले मास्तर खुर्चीतच आडवे होते आणि त्यांची दहावीतली मुलगी कंट्रोलच्या (गाड्यांची ये-जा ठरवणाऱ्या कचेरीच्या) फोनवर आवाज जाड करून "हां साहेब, हां साहेब" म्हणत होती. मला बघून तिनं फोन ठेवला आणि आधी चहाचं विचारलं. पेगी लीचा आवाज ऐकताना मला ती मुलगी दिसते. याला संगीत समीक्षा म्हणत नाहीत, ठाऊक आहे.

१९३७ साली विम्बल्डन गावातून (टेनिसवाल्या नव्हे, उत्तर डकोटातल्याच) शाळा संपवून ती फार्गो शहरातल्या डब्ल्यूडीएवाय या रेडिओ स्टेशनवर गायला गेली. 'नॉर्मा एगस्ट्रॉम' माइकवर कसं शोभणार? तिथल्या केन केनेडी या कार्यक्रम अधिकाऱ्यानं तिचं नाव पेगी ली ठेवलं. एवढंच ते 'ली'. ब्रूस लीशी काडीचा संबंध नाही. ज्या तिघांनी तो प्रश्न पाठवला, त्यांनी हेच उत्तर समजावं.

मी यूट्यूबवर ऐकली. आवाज लहान वाटतो. एला फिट्झजेराल्डसारखी फिरत नाही, वर जात नाही. कमकुवत आवाजाला उगाच डोक्यावर घेतलंय का? — एक वाचक, कोल्हापूर

तुमचा प्रश्न रोखठोक आहे, आणि अर्धा खराही. तिच्या गळ्यात एला या जॅझ गायिकेची तान नव्हती. पण 'कमकुवत' हा शब्द परत घ्या.

१९४१ च्या सुमारास ती कॅलिफोर्नियात पाम स्प्रिंग्जच्या 'डॉल हाऊस' नावाच्या जागी गात होती. लोक खायला-प्यायला आलेले, गप्पा रंगलेल्या, गाण्याकडे कुणाचं लक्ष नाही. अशा वेळी गाणारा काय करतो? पट्टी चढवतो. हिनं उलटं केलं. आवाज खाली आणला, आणखी खाली आणला. टेबलं एकेक करून गप्प झाली, कारण ही बाई काय म्हणते आहे ते ऐकू येईना! तिथंच एका हॉटेलवाल्यानं तिला हेरलं आणि शिकागोच्या अॅम्बॅसेडर हॉटेलात नेलं. तिथं तिला ऐकायला आला बेनी गुडमन, त्या काळातला सगळ्यात गाजलेला बँडवाला. ऑगस्ट १९४१ मध्ये ती त्याच्या बँडची गायिका झाली. वय एकवीस. सुरुवातीला तिच्यावर टीकाच जास्त झाली.

आता माझ्या धंद्यातलं सांगतो. जुन्या कंट्रोल फोनच्या तोंडात कोळशाचे कण असायचे. नवखा असिस्टंट मास्तर हमखास ओरडून बोलायचा, आणि पलीकडे कंट्रोलरला नुसती खरखर ऐकू जायची. "मेल किती लेट?" याचं उत्तर तीनदा द्यावं लागायचं. जुना माणूस मात्र फोन ओठाजवळ धरून, घरात कुणी झोपलंय अशा बेतानं बोलायचा. कंट्रोलरला दर अक्षर कळायचं. मायक्रोफोन आल्यावर गाण्यात नेमकं हेच झालं. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज फेकायची गरज संपली. ज्यांना हे कळलं ते माइकशी बोलायला लागले. पेगी लीला ते फार लवकर कळलं, आणि रंगमंचावरही तिनं तेच केलं. हातवारे नाहीत, येरझाऱ्या नाहीत. एक भुवई, एक बोट. कुठल्या शब्दाला कुठला दिवा मंद करायचा याची टिपणं ती जाडजूड वह्यांमध्ये लिहून ठेवायची.

एकदा मोठ्या स्पीकरवर न ऐकता, रात्री, आवाज बारीक ठेवून ऐका. मग पुन्हा पत्र लिहा.

'फीवर' हे गाणं मूळ तिचं नाही असं माझा मुलगा म्हणतो. खरं का? — एक वाचक, नाशिक

मुलगा बरोबर आहे. १९५६ साली लिटल विली जॉन या कृष्णवर्णीय गायकानं ते पहिल्यांदा गाजवलं. एडी कूली आणि ओटिस ब्लॅकवेल यांनी लिहिलेलं गाणं, मागे सॅक्सोफोन वगैरे सगळा संसार.

आणि त्यात नवल नाही. तिचं पहिलं मोठं यश असलेलं 'व्हाय डोन्ट यू डू राइट' हेसुद्धा आधी लिल ग्रीन या ब्लूज गायिकेनं गायलेलं होतं. पेगी ली गुडमनच्या बँडबरोबर दौऱ्यावर असताना ती तबकडी एवढी घासायची की शेवटी गुडमननंच विचारलं, तुला हे गायचंय का? १९४२ साली ध्वनिमुद्रण झालं, खप दहा लाखांच्या वर गेला. कृष्णवर्णीयांनी घडवलेल्या गाण्यावर गोऱ्यांचं नाव मोठं होण्याचा तो काळ होता. पेगी लीलाही त्याचा फायदा झाला, हे तिच्या चाहत्यांनी लपवू नये. मीही लपवत नाही.

पण 'फीवर'चं तिनं काय केलं ते बघा. १९५८ साली स्टुडिओत जाताना तिनं गाण्यातलं जवळजवळ सगळं फर्निचर बाहेर काढलं. उरला एक डबल बास, मोजका ड्रम आणि चुटक्या. पियानो नाही, व्हायोलिनं नाहीत, गिटारसुद्धा नाही. गंमत म्हणजे चुटक्या वाजवणारा हॉवर्ड रॉबर्ट्स हा पट्टीचा गिटारवादक होता! पुढे पुढे पट्टी अर्ध्या स्वरानं चढते, पण तिचा आवाज चढत नाही. ताप वाढतो, बाई शांत. रोमिओ-ज्युलिएट आणि कॅप्टन स्मिथ-पोकाहाँटस यांची कडवी तिनं स्वतः घातली, मूळ गाण्यात ती नाहीत. त्या शब्दांसाठी गीतकार म्हणून तिचं नाव मात्र लागलं नाही. हा मुद्दा लक्षात ठेवा, खाली कोर्टात लागेल.

मी हे गाणं पहिल्यांदा ऐकलं दौंडच्या रेल्वे कॉलनीत. तिथले एक अँग्लो-इंडियन ड्रायव्हर, वाफेच्या इंजिनावर आयुष्य काढलेले, दर रविवारी दुपारी ग्रामोफोन लावायचे. तबकडी जुनी, सुई उडायची, म्हणून त्यांनी सुईच्या दांड्यावर जुनं चार आण्याचं नाणं चिकटवलं होतं. बासचा पहिला ठेका सुरू झाला की ते हाताची बोटं वर करून आम्हा पोरांना गप्प करायचे. चुटक्या मात्र स्वतः वाजवायचे, अर्धा ठेका मागे. रुळाच्या सांध्यांची सवय, म्हणायचे.

तिनं सिनेमात काम केलं होतं म्हणे. कुठले सिनेमे बघावेत? — एक वाचक, पुणे ३०

'सिनेमात काम' म्हणावं असे दोनच. आधी ती गाण्यापुरती दिसायची. 'स्टेज डोअर कॅन्टीन' (१९४३) मध्ये गुडमनच्या बँडपुढे, 'मिस्टर म्युझिक' (१९५०) मध्ये बिंग क्रॉस्बीबरोबर. पहिली खरी भूमिका 'द जॅझ सिंगर'मधली. पहिला बोलपट म्हणून जो १९२७ चा सिनेमा प्रसिद्ध आहे त्याचीच ही १९५२ ची नवी आवृत्ती, नायक डॅनी थॉमस, दिग्दर्शक मायकेल कर्टिझ. वेळ असेल तर बघा. नसेल तर काही बिघडत नाही.

दुसरा मात्र चुकवू नका. 'पीट केलीज ब्लूज', १९५५. जॅक वेबचा सिनेमा, १९२७ मधलं कॅन्सस सिटी, दारूबंदी, गुंड, जॅझ. पेगी ली त्यात रोझ हॉपकिन्स नावाची गायिका झाली आहे, एका गुंडाच्या मुठीत असलेली, दारूनं पोखरलेली. तिला जबरदस्तीनं गायला उभं करतात. समोर गोंगाट. ती सुरुवात करते, कुणी ऐकत नाही. शब्द अडखळतात, डोळे भिरभिरतात. डॉल हाऊसमध्ये जिनं गर्दी गप्प केली तीच बाई इथं गर्दीपुढे हरते. हरताना ती आवाज वाढवून बघते, आणि तिथंच पोटात खड्डा पडतो. तो गुंड तिला मारतो, ती जिन्यावरून पडते. पुढे ती वेड्यांच्या इस्पितळात भेटते, मन लहान मुलीचं झालेलं, हातात बाहुली. तिथं ती 'सिंग अ रेनबो' हे रंगांचं साधं गाणं म्हणते. नंतर ते बालवाड्यांमध्ये म्हटलं जाऊ लागलं. ते कुठल्या प्रसंगातलं आहे हे किती बाईंना ठाऊक असेल कोण जाणे.

वडील दारुडे. नवरा डेव्ह बार्बर उत्तम गिटारवादक, त्याच्याबरोबर तिनं कितीतरी गाणी लिहिली, पण दारूपायी १९५१ साली संसार मोडला. रोझ हॉपकिन्स कशी बसते, ग्लास कसा धरते, हे तिला कुणी शिकवायची गरज नव्हती. ऑस्करसाठी सहायक अभिनेत्रीचं नामांकन मिळालं. पुरस्कार 'ईस्ट ऑफ ईडन'साठी जो व्हॅन फ्लीटला गेला. त्यानंतर अशी भूमिका तिच्या वाट्याला पुन्हा आली नाही. हे मला आजवर उमगलेलं नाही, आणि थोडं डाचतंही.

माझ्या नातीबरोबर कुत्र्यांचं जुनं कार्टून बघताना दोन सयामी मांजरींचं गाणं लागलं. मुलगा म्हणाला, ही तुमच्या मास्तरांची पेगी ली. आणि तिनं डिस्नेवर केस केली होती का हो? आपल्या लताबाईंचंही रॉयल्टीवरून झालं होतं ना? — एक आजी, डोंबिवली

आजी, तुम्ही एका पत्रात तीन डबे जोडलेत.

'लेडी अँड द ट्रॅम्प' (१९५५). दोन्ही मांजरींचा आवाज तिचाच. घरमालकीण डार्लिंग तीच, आणि कोंडवाड्यात ठुमकत गाणारी पेग नावाची कुत्रीही तीच. त्या कुत्रीचं नाव आधी 'मेमी' होतं. पण तेव्हाच्या राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवर यांच्या पत्नीचं नावही मेमी, म्हणून बदललं आणि पेगीवरून पेग केलं. गाणी तिनं सनी बर्क यांच्याबरोबर लिहिली.

मांजरींच्या गाण्याबद्दल नातीला एक सांगाल? पूर्वेकडची माणसं म्हणजे लबाड, बोबडं इंग्रजी बोलणारी, अशी त्यात टिंगल आहे. २०१९ साली डिस्नेनं सिनेमा नव्यानं काढला तेव्हा ते गाणं वगळलं. तिचं 'मन्याना' हे गाणं तसंच. १९४८ साली नऊ आठवडे पहिल्या क्रमांकावर होतं, आणि गंमत सगळी आळशी मेक्सिकन माणसाच्या नावावर. बाई माझी आवडती, तरी ती तबकडी मी लावत नाही.

आता केस. आवाजाच्या कामाचे तिला साडेतीन हजार डॉलर मिळाले होते. १९८७ साली डिस्नेनं त्या सिनेमाची व्हिडिओ कॅसेट बाजारात आणली आणि ती लाखांनी खपली. पेगी लीच्या १९५२ च्या करारात एक ओळ होती: जनतेला विकण्यासाठी रेकॉर्ड किंवा तत्सम मुद्रण काढायचं तर तिची परवानगी लागेल. कंपनीचं म्हणणं, करार केला तेव्हा व्हिडिओ नावाची वस्तूच नव्हती. तिचं म्हणणं, वस्तू नवी असेल, विक्री तर तीच ना? १९८८ साली ती कोर्टात गेली. वय अडुसष्ट, तब्येत खालावलेली. ज्युरीनं १९९१ मध्ये तिच्या बाजूनं कौल दिला आणि पुढच्या वर्षी २३ लाख डॉलरवर प्रकरण मिटलं. 'फीवर'ची कडवी फुकट गेली होती. इथली एक ओळ मात्र तिनं जाऊ दिली नाही. छत्तीस वर्षांनी स्वतःचा करार काढून वाचणारी माणसं किती? मी माझ्या पेन्शनचे कागद अजून नीट वाचलेले नाहीत.

लताबाईंचं म्हणाल तर हो. साठच्या दशकाच्या सुरुवातीला त्यांनी गायकांच्या रॉयल्टीचा आग्रह धरला, मोहम्मद रफींना तो पटला नाही, आणि काही वर्षं दोघं एकत्र गायले नाहीत. आपल्याकडे गीतकार-संगीतकारांचा वाटा कायद्यानं पक्का झाला तो २०१२ च्या दुरुस्तीनं. मांजरींपासून आपण फार लांब आलो, आजी.

बीटल्सशी तिचा काय संबंध? मित्राशी पैज लागली आहे. — एक विद्यार्थी, छत्रपती संभाजीनगर

पैज किती रुपयांची ते लिहिलं नाहीस. 'टिल देअर वॉज यू' हे बीटल्स गायचे ते गाणं त्यांच्यातल्या पॉल मॅकार्टनीला भेटलं पेगी लीच्या तबकडीवरून. पुढे १९७४ साली मॅकार्टनीनं खास तिच्यासाठी 'लेट्स लव्ह' लिहिलं. जिंकला असशील तर मित्राला चहा पाज. आणि मपेट शो या बाहुल्यांच्या कार्यक्रमातल्या मिस पिगीचं पूर्ण नाव सुरुवातीला 'मिस पिगी ली' होतं, ही माहिती पुढच्या पैजेसाठी फुकट.

एकच गाणं ऐकायचं असेल तर? — एक वाचक, सातारा

'फीवर' म्हणाल असं वाटलं असेल. मी म्हणेन 'इज दॅट ऑल देअर इज', १९६९. जेरी लीबर आणि माइक स्टोलर या जोडीनं थॉमस मान यांच्या एका जर्मन कथेवरून ते लिहिलं, वाद्यमेळ रँडी न्यूमनचा. यात कडवी गायलेली नाहीत, बोललेली आहेत. लहानपणी घराला लागलेली आग, मग सर्कस, मग प्रेम, शेवटी मरण. आणि दर वेळी, बस्स, एवढंच का? रॉकच्या त्या धामधुमीत असली चीज काढायला रेकॉर्ड कंपनी कचरत होती. ते लोकप्रियतेच्या यादीत अकराव्या क्रमांकापर्यंत गेलं आणि त्यावर तिला ग्रॅमी मिळालं. तेव्हा ती एकोणपन्नास वर्षांची होती. मी हे पहिल्यांदा नाइट ड्युटी संपवून, तोंड न धुता ऐकलं. पुन्हा लावायला धीर झाला नाही, संध्याकाळी लावलं.

मास्तर, तिचं ते स्टेशन आहे का अजून? — तोच वाचक, बार्शी

हा प्रश्न तुम्ही पत्राच्या पाठीमागे पेन्सिलीनं लिहिलाय. बरं झालं पान उलटून बघितलं.

लाईन गेली. पेगी लीसुद्धा २१ जानेवारी २००२ ला लॉस एंजेलिसमध्ये गेली. विम्बल्डनचं स्टेशन मात्र उभं आहे. दुरुस्त करून २०१२ साली तिथं संग्रहालय केलं, रेल्वेचं आणि तिचं मिळून. वरच्या मजल्यावर एगस्ट्रॉम कुटुंब राहायचं ती जागा, खाली मास्तरची खोली. मी फोटो बघितलेत. लोक तिचे गाऊन बघायला जात असतील. मला त्या खोलीतून वर जाणारा जिना बघायचाय. खालच्या माणसाची तब्येत आज कशी आहे, हे जिन्यावरूनच कळतं.

पुढच्या महिन्याचे प्रश्न पंधरा तारखेच्या आत पोस्टात टाका. पानाच्या दोन्ही बाजूंनी लिहिलं तरी चालेल, पण पेनानं.